पिवळी चादर

कॅमेरावाला आला तेव्हा गावाला वाटलं, आता गाणी होतील, मारामारी होईल, निदान एखादी नटी तरी बघायला मिळेल. त्याने काय केलं? रेल्वे फाटकाच्या पलीकडच्या बांधावर तीन पायांचा स्टँड रोवला, त्यावर कॅमेरा बसवला, कानांवर हेडफोन चढवले आणि शेजारच्या दगडावर बसून राहिला. सकाळपासून संध्याकाळपर्यंत. फाटक पडतंय, फाटक उठतंय, शेळ्या थांबल्यात, शेळ्या निघाल्यात. सुरुवातीला पोरंटोरं कॅमेऱ्यापुढे नाचून गेली. मोठ्या माणसांनीही केस विंचरून उगीचच दोन-दोन फेऱ्या मारल्या. तो कुणाला ये म्हणाला नाही की जा म्हणाला नाही. मग गावाने त्याचा नाद सोडला.

"बिघडलाय त्याचा कॅमेरा," ट्रॅक्टरवाला म्हणाला, "हलतच नाही."

कुणी खोदून विचारलंच तर तो एवढंच सांगायचा, "मला इथलं रोजचं बघायचंय. तुमचं चालू द्या. मी इथे नाहीच असं समजा."

गावाने तसं समजून टाकलं. एका बाईला तेवढं ते जमेना. ती म्हणजे फाटकवाली.

खरं तर फाटकवाला तिचा नवरा. पगार त्याचा, गणवेश त्याचा, शिट्टी आणि झेंडेही त्याचेच. रुळांच्या कडेला त्याची केबिन, आणि केबिनपासून हाकेच्या अंतरावर त्यांचं दोन खोल्यांचं क्वार्टर. हाकेच्या अंतरावर असं आपलं म्हणायची पद्धत आहे म्हणून म्हटलं. हाक मारून काही उपयोग नव्हता, कारण फाटकवाल्याला ऐकू येत नव्हतं.

हे एका दिवसात झालं नाही. इंजिनांच्या भोंग्यांनी त्याचे कान थोडे थोडे करून नेले. आधी पाखरं गेली. मग बायकोचं बोलणं गेलं, आणि त्याबद्दल गावातल्या निम्म्या नवऱ्यांना त्याचा हेवाच वाटला असता. शेवटी घंटा गेली, आणि तिथे मात्र हसण्यासारखं काही उरलं नाही.

अलीकडच्या स्टेशनातून गाडी सुटली की केबिनमधली घंटा वाजे. ती वाजली की चाक फिरवायचं, दोन्ही बाजूंचे दांडे खाली आणायचे आणि झेंडा घेऊन उभं राहायचं. काम म्हटलं तर पोरखेळ. फक्त घंटा ऐकू यायला हवी.

ज्या दिवशी ती त्याला ऐकू आली नाही, त्या दिवशी बायको अंगणात कपडे वाळत घालत होती. घंटा वाजली, वाजत राहिली, आणि नवरा स्टुलावर बसून टोपीची उसवलेली शिवण बघत होता. तिने हाका मारल्या. मग हातात होती ती पिळलेली पिवळी चादर जोरात झटकून दोरीवर टाकली. त्याची मान वळली. त्याने चादर बघितली, बायकोचा चेहरा बघितला, आणि उठून चाक फिरवलं. गाडी गेली. दुपारी जेवताना दोघंही त्याबद्दल बोलली नाहीत. दुसऱ्या दिवशी घंटा वाजली तेव्हा तिने कोरडीच चादर दोरीवर टाकली आणि त्याने फाटक पाडलं.

तेव्हापासून हे असंच चाललं होतं. 'तुम्हाला ऐकू येत नाही' असं ती त्याला कधी म्हणाली नाही, आणि 'मला ऐकू येत नाही' असं तो तिला कधी म्हणाला नाही. उलट रात्री अंथरुणावर पडल्यावर तो म्हणायचा, "आज घंटा जरा चिरकी वाजली, नाही?" आणि ती मान हलवायची. झाकली मूठ सव्वा लाखाची. निवृत्ती जवळ आली होती, कानांची पुढची तपासणी त्यानंतर होती, आणि मूठ तेवढा वेळ झाकून ठेवायची होती. केबिनमधला फोन क्वचित वाजे. तेव्हा ती धावत जाऊन घेई आणि सांगे, "साहेब, ते दांड्यापाशी उभे आहेत, काय निरोप देऊ?"

पण त्या मुठीत तीही अडकली होती. घंटेच्या आवाजाबाहेर तिने पाऊल टाकलं नव्हतं. आंघोळ करायची ती दार किलकिलं ठेवून, पाण्याचा आवाज होऊ न देता. घरात रेडिओ नव्हता. भांडी घासताना ती मध्येच थांबून कान देई आणि मग पुन्हा घासू लागे. भाऊ शेवटच्या आजारात होता तेव्हाही ती गेली नाही, आणि भावजयीने तिच्यासाठी जे तोंड बंद केलं ते आजतागायत उघडलं नव्हतं. बाजारहाट शेजारणी आणून देत. गावाने तिचं नाव 'खुंट्याची गाय' ठेवलं होतं, आणि ते तिला माहीत होतं. रात्रपाळीचा माणूस आला की तेव्हा कुठे तिचे कान मिटत.

आता लांबच्या शहरातल्या मुलीचे दिवस भरत आले होते. "आई, या वेळी तरी येशील ना?" ती फोनवर विचारे.

"बघू."

"बघू म्हणजे नाही. मला कळतं ते."

आणि अशात हा कॅमेरावाला आला. कपड्यांची दोरी त्याच्या कॅमेऱ्याच्या बरोब्बर समोर होती.

चोराच्या मनात चांदणं म्हणतात ना, तसं तिचं झालं. येणारे-जाणारे फाटकाशी क्षणभर थांबत आणि निघून जात, त्यांच्या डोळ्यांना ती पुरून उरली होती. पण हा माणूस जागचा हलतच नव्हता. आधी चादर वर जाते आणि मग फाटक खाली येतं, हे दिवसभर टक लावून बसलेल्याला किती दिवस दिसणार नाही? जेवणावरची वासना उडाली.

मग तिने एक युक्ती काढली. एकच चादर दिसली तर डोळ्यांत भरेल, पन्नास कपड्यांत कशाला भरतेय? तिने घरातलं होतं नव्हतं ते सगळं धुवायला काढलं. उशांचे अभ्रे, पडदे, पाहुण्यांसाठी ठेवलेले टॉवेल, नवऱ्याचे लग्नातले शर्ट. दोरी सकाळपासून भरलेली. "वहिनी, एवढे कोण पाहुणे येणार आहेत?" शेजारीण विचारू लागली. आणि अशाच एका दुपारी जुना, विटलेला, पिवळट टॉवेल वाऱ्याने उडून दोरीच्या टोकाला आला. नवऱ्याने तो बघितला आणि फाटक पाडलं. गाडी नाही, घंटा नाही, काही नाही. दोन्ही बाजूंना माणसं, सायकली, शाळेतल्या मास्तरांची स्कूटर तापत उभी. "काय हो, गाडी येतेय की तिची वरात?" कुणीतरी ओरडलं. नवरा झेंडा धरून रिकाम्या रुळांकडे बघत ताठ उभा होता. ती धावत गेली, टॉवेल ओढून काढला, तेव्हा फाटक उठलं. पलीकडे कॅमेऱ्याचा लाल दिवा चालू होता.

त्या दिवशी तिने सगळे कपडे आत घेतले. चहाचं निमित्त करून ती रूळ ओलांडून बांधावर गेली.

"दादा, यात काय दिसतं हो?"

त्याने कपाळावरचा घाम पुसला, आधीच्या एका दिवसाचं चित्रण लावलं आणि कॅमेऱ्याची लहानशी काच तिच्याकडे वळवली. तिला आपलं घर खेळण्यातल्यासारखं दिसलं. केबिन, दांडे, दोरी. ठिपक्याएवढी एक बाई दारातून धावत बाहेर आली, काहीतरी पिवळं दोरीवर टाकलं आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली. दांडे खाली आले. गाडी गेली. बाईने ते पिवळं काढलं आणि घडी घालत आत गेली. एवढं सोपं होतं ते. शाळकरी पोरालाही कळलं असतं.

"हे कोण बघणार?" तिने विचारलं.

"शहरातली माणसं. रेल्वेचे साहेबही येतील. परवानगी त्यांनीच दिली आहे ना."

"आणि तुम्हाला? तुम्हाला काय दिसलं यात?"

"मी अजून बघतोय, मावशी," तो म्हणाला आणि चहा घेतला.

ती म्हणाली, त्या बाजूने लावा कॅमेरा, तिथून तळं दिसतं, छान येईल. तो म्हणाला, तळं मला नको. इथलं काही हलवायचं नाही, कुणाला काही विचारायचं नाही, सांगायचं नाही, जे समोर होईल ते होऊ द्यायचं, असा त्याचा नियम होता. साधा, गोड बोलणारा माणूस. वाईट असता तर तिने दोन शिव्या तरी दिल्या असत्या. त्याला कळलंय की नाही हेच तिला कळेना, आणि त्या न कळण्याने तिचा जीव टांगणीला लागला.

नवऱ्याला मात्र कॅमेऱ्याचा लळा लागला. जन्मात कुणी त्याच्याकडे इतका वेळ बघितलं नव्हतं. तो गणवेशाला इस्त्री करू लागला, मिशा कातरू लागला. एवढ्यावर भागलं असतं. पण एका सकाळी त्याने स्टूल उचललं आणि कॅमेऱ्याकडे तोंड करून मांडलं. पाठ दोरीकडे.

तिने जाऊन स्टूल मूळच्या जागी ठेवलं. ती गेल्यावर त्याने पुन्हा फिरवलं. तिने हातवारे केले. तो वैतागून म्हणाला, "कळतं मला. बघतो मी मधून मधून." आणि खरंच, तो मधून मधून मान वळवून दोरीकडे बघे. एका गाडीच्या वेळी त्याला जरा उशीर झाला, पण फाटक पडलं. दुसऱ्या गाडीला पडलं. तिने स्वतःला समजावलं की निभेल. माणूस स्वतःला काय काय समजावतो!

पुढच्या सकाळी घंटा वाजली. तिने चुलीवरचं भांडं उतरवलं, चादर दोरीवर टाकली आणि भाजी करपेल म्हणून आत गेली. चाकाची करकर ऐकू यायची वेळ झाली. ती आली नाही. तिने खिडकीतून बघितलं. दांडे आभाळाकडे ताठ उभे, आणि नवरा पाठमोरा, टोपी नीट करतोय.

ती धावली. पलीकडच्या उतारावरून ट्रॅक्टर वर चढत होता. मागे ट्रॉलीत गवत कापायला निघालेल्या बायका, कुणाकुणाच्या मांडीवर पोरं, आणि त्या ट्रॅक्टरचा तो फटफट आवाज, ज्यात ढगांचा गडगडाटही बुडाला असता. वळणामागे गाडीचा भोंगा झाला. ट्रॅक्टरवाल्याने उघडं फाटक बघितलं आणि वेग वाढवला. का नाही वाढवणार? उघडं फाटक म्हणजे ये असंच ना? ती ओरडत होती. तिला नंतर आठवलं ते एवढंच, की तोंड उघडं होतं आणि आवाज निघत नव्हता, आणि निघून तरी कुणाच्या कानी जाणार होता?

तेवढ्यात कॅमेरावाला उठला. कानांवरचे हेडफोन ओढून फेकले आणि पळत सुटला. दोन्ही हात पसरून तो ट्रॅक्टरच्या पुढ्यात जाऊन उभा राहिला. नवऱ्याला वाटलं असावं, हा नवीन काहीतरी प्रकार आहे, कारण तो किंचित हसला. मग त्याच्या पायांना जमीन थरथरलेली कळली आणि ते हसू तिथेच मेलं.

ट्रॅक्टर कॅमेरावाल्याच्या छातीला टेकेल इतका जवळ येऊन थांबला. ट्रॉलीतल्या बायका एकमेकींच्या अंगावर कोसळल्या. आणि कॅमेरावाल्याच्या पाठीमागून, त्याचा सदरा फडफडवत, सगळीच्या सगळी गाडी धडधडत निघून गेली.

मग काय, आरडाओरडा. बायकांनी फाटकवाल्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. ट्रॅक्टरवाला खाली उतरून म्हणाला, "काय हो, झोप लागली होती का?"

नवऱ्याने त्याच्या ओठांकडे बघितलं. "गाडी वेळेआधी सोडली त्यांनी," तो म्हणाला. "घंटाच वाजली नाही."

लोकांनी रेल्वेला शिव्या दिल्या आणि आपापल्या वाटेने गेले. खोटं पचलं होतं. तिची पाचावर धारण बसली ती तेव्हा, सगळे निघून गेल्यावर. दोरीवर चादर तशीच होती, आणि कॅमेरा स्टँडवर एकटाच चालू होता.

दिवेलागणीला रात्रपाळीचा माणूस आल्यावर ती बांधावर गेली. कॅमेरावाला सामान आवरत होता. स्टँडचा एक पाय त्याला मिटता येईना.

"तुम्ही घंटा ऐकलीत," ती म्हणाली.

"हो."

"आणि चादर?"

"पहिल्या आठवड्यातच कळलं, मावशी."

तिच्या डोक्यात तिडीक गेली. "कळलं होतं? आणि तुम्ही नुसते बघत बसलात? काल त्यांनी पाठ फिरवली, तेही बघितलंत? अहो, एखादा शब्द बोलला असतात तर तुमच्या तोंडाला काय खीळ बसली होती का? त्या ट्रॉलीत पोरं होती, दादा!"

तो त्या न मिटणाऱ्या पायाशी खटपट करत राहिला. मग मान वर केली, आणि आल्यापासून कुणाला काही न विचारणाऱ्या त्या माणसाने पहिल्यांदा एक प्रश्न विचारला.

"आणि तुम्ही?"

तिला वाटलं, याच्या एक थोबाडीत मारावी. हात उचलला नाही.

त्याने कॅमेऱ्यातून नखाएवढं कार्ड काढलं आणि तिच्या तळहातावर ठेवलं. "आजचं सगळं यात आहे. तुम्हाला हवं ते करा. मी दुसरी प्रत ठेवलेली नाही. आधीचीही कार्डं देतो हवी तर."

घरी येऊन तिने ते कार्ड चहाच्या डब्यात टाकलं. पुन्हा काढलं. चुलीत टाकायचं, दातांनी चावून तुकडे करायचे, मोरीत सोडायचं, सगळं मनात झालं. नवरा भिंतीकडे तोंड करून पडला होता. झोपला नव्हता. घंटेबद्दल आज तो काही बोलला नाही. तिने कार्ड मुठीत धरलं आणि तिला ट्रॉलीत कोसळलेल्या बायकांमधली एक दिसत राहिली, जिने पोराला आपटू नये म्हणून डोक्याच्या वर धरलं होतं. मुलगीही पुढच्या महिन्यात असंच कुणाला तरी धरून बसेल. फाटक उघडं आहे म्हणजे रस्ता मोकळा आहे, असं समजून कुठून तरी जाईल.

सकाळी नवऱ्याने स्टूल पूर्वीसारखं दोरीकडे तोंड करून मांडलं होतं. हात गुडघ्यांवर ठेवून तो दोरीकडे बघत बसला होता, शाळेत शिक्षा झालेलं पोर बसतं तसा. ट्रॅक्टर आला. फाटकाआधी थांबला, ट्रॅक्टरवाल्याने खाली उतरून दोन्ही बाजूंना लांबवर बघितलं, मग रूळ ओलांडले. ट्रॉलीतल्या बायकांनी केबिनकडे बघितलंही नाही.

फाटकवालीने बांधावर जाऊन कार्ड कॅमेरावाल्याच्या हातात दिलं. तिथून ती सरळ केबिनमध्ये शिरली आणि फोन उचलला. नंबर दोनदा चुकला.

"स्टेशनमास्तर साहेब, फाटकावरून बोलतेय. त्यांची बायको."

"बोला, काय झालं?"

"काल घंटा वाजली होती, साहेब. ते म्हणाले असतील वाजली नाही, पण वाजली होती. त्यांना ऐकू येत नाही. खूप वर्षं झाली. मी ऐकते आणि त्यांना दाखवते. काल मी दाखवलं, पण त्यांनी बघितलं नाही."

मग साहेबाचा आवाज आला, रागावलेला नव्हता, घाबरलेला होता. "बाई, तुम्ही तिथून हलू नका. दुपारपर्यंत दुसरा माणूस पाठवतो. तोवर प्रत्येक गाडीला तुम्ही त्यांच्याजवळ उभ्या राहा. पुढचं पुढे बघू."

पुढचं म्हणजे चौकशी, पगार, हे क्वार्टर, सगळंच. तिला ते कळत होतं. दुपारनंतर ती हवं तिथे जाऊ शकत होती, मुलीकडेही, आणि त्याचीसुद्धा तिला भीती वाटली.

फोन ठेवून ती वळली. नवरा दारात उभा होता. तिचे ओठ त्याने कुठपासून बघितले होते कुणास ठाऊक. ती वाट बघत राहिली, तो चिडेल, हात उगारेल, निदान 'मला सगळं ऐकू येतं' म्हणून ओरडेल. तो आत आला आणि स्टूल तिच्या बाजूला सरकवलं. ती बसली नाही. दोघं तशीच उभी राहिली. बाहेर दोरी रिकामी होती. बांधावर कॅमेरा चालू होता की बंद, तिने बघितलं नाही.

थोड्या वेळाने तिने एकदम मान वर केली. त्याने आधी सवयीने दोरीकडे बघितलं. तिथे काहीच नव्हतं. मग त्याने तिच्याकडे बघितलं, टोपी काढून हातात घेतली, आणि एवढ्या वर्षांत कधी विचारलं नव्हतं ते विचारलं.

"वाजली का गं?"

तिने मान हलवली, आणि तो चाकाकडे गेला.